काल रात्री आपण कुठे होतात?

जर्मनीत दोन-चार वर्षं काढलेल्या कोणालाही ‘हॅरी, जरा गाडी काढ’ हे वाक्य ठाऊक असतं. जेवणं आटोपून पाहुणे उठले, ऑफिसातली लांबलेली मीटिंग एकदाची संपली, की कोणीतरी हे हमखास म्हणतं आणि बाकीचे हसतात. वाक्य इन्स्पेक्टर डेरिकचं. गंमत अशी, की २८१ भागांच्या त्या मालिकेत नेमक्या या शब्दांत ते एकदाही येत नाही, असं बारकाईने शोध घेणारे सांगतात. दुसरी गंमत म्हणजे डेरिक माहीत, हॅरी माहीत, गाडीसुद्धा माहीत; पण हे सगळं लिहिलं कोणी, असं विचारा. बहुतेकजण खांदे उडवतात.

ते सगळेच्या सगळे भाग एकाच माणसाने लिहिले, हर्बर्ट राइनेकर याने. १९७४ ते १९९८, सलग २४ वर्षं. त्याआधी सुरू झालेल्या ‘डेर कोमिसार’ या मालिकेचे ९७ भागही याच माणसाने लिहिले होते. एकूण ३७८ वेळा प्रेत सापडणं, चौकशी, खोटं बोलणं, कबुली. बाबूराव अर्नाळकरांच्या हजारावर रहस्यकथा वाचनालयातून आणून वाचलेल्या मराठी माणसाला या आकड्याने चक्कर येणार नाही म्हणा. पण अर्नाळकरांचं नाव मुखपृष्ठावर ठळक असायचं. पटकथाकाराचं नाव पडद्यावर येतं तेव्हा लोक उशी सारखी करत असतात.

मी लग्न होऊन १९८७ साली म्युनिकला आले. आमच्याकडे टीव्ही नव्हता. खालच्या मजल्यावर घरमालकीणबाई एकट्या राहत. शुक्रवारी सव्वाआठला त्या मला खाली बोलावत. पोळ्या आटपून, हात पुसत मी जायची. मुंबई दूरदर्शनवर ‘द ओल्ड फॉक्स’ नावाची जर्मन मालिका इंग्रजीतून पाहिलेली होती, त्यामुळे हिरव्या-पांढऱ्या गाड्या आणि पावसात भिजलेले रस्ते ओळखीचे वाटले. दोन्ही मालिकांचा निर्माता एकच, हेल्मुट रिंगेलमान, हे मात्र फार पुढे कळलं.

भाषा शिकायला डेरिकसारखा मास्तर नाही. कोणी ओरडत नाही, कोणी घाईत बोलत नाही. दोन वाक्यांच्या मध्ये माणसं खिडकीबाहेर बघतात. डेरिक खुन्यालाही ‘झी’ म्हणजे ‘आपण’ म्हणतो. क्लासमध्ये मी अजून ‘हे टेबल आहे’ या पायरीवर होते, तेव्हा अख्खं म्हणता येईल असं माझं पहिलं जर्मन वाक्य या मालिकेने दिलं: ‘वो वारेन झी गेस्टर्न आबेंट?’ काल रात्री आपण कुठे होतात? नवरा उशिरा घरी आला की मी ते वापरत असे.

डेरिक कसा होता, ते ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. उंच, डोळ्यांखाली फुगलेल्या पिशव्या, अंगात चांगला ट्रेंचकोट. पिस्तूल क्वचितच बाहेर काढणार. सुरुवातीच्या अनेक भागांत खुनी कोण ते प्रेक्षकाला आधीच दाखवून टाकलेलं असे, त्यामुळे ‘कोणी केलं’ हा प्रश्नच नसे. डेरिक त्या माणसाच्या घरी पुन्हा पुन्हा जातो, बसतो, बोलतो, शेवटी माणूस आतून मोडतो. घरं बहुतेक म्युनिकच्या श्रीमंत भागांतली. मोठी बाग, जिना, भिंतीवर चित्रं आणि सोफ्यावर एकमेकांशी न बोलणारं कुटुंब. पुढच्या वर्षांत तर तपास नावापुरता उरला. पात्रं माणूस वाईट का होतो, सदसद्विवेक म्हणजे काय, यावर बोलत बसत. समीक्षकांनी या सगळ्याला कंटाळवाणं म्हटलं, उम्बेर्तो एकोने डेरिकच्या सामान्यपणाच्या आकर्षणावर लेख लिहिला. लोकांनी मात्र पाहिलं. शंभराहून अधिक देशांत मालिका विकली गेली. युद्धानंतरचा ‘चांगला जर्मन’ कसा असतो, हे जगातल्या कितीतरी घरांना या इन्स्पेक्टरकडून कळलं.

आता तो चांगला जर्मन लिहिणाऱ्या माणसाकडे वळू.

राइनेकरचा जन्म १९१४ सालचा, वेस्टफालियातल्या हागेन या कारखान्यांच्या गावचा. लिहिण्याची हौस आणि हात दोन्ही लवकर सापडले. १९३६ मध्ये तो बर्लिनला गेला, तो हिटलर युथच्या केंद्रीय कचेरीत मुलांच्या मासिकांचं काम करायला. युद्ध सुरू झाल्यावर वाफेन-एसएसच्या प्रचार तुकडीत युद्धवार्ताहर झाला. एसएसच्या ‘डास श्वार्त्से कोर’ या मुखपत्रात लिहिलं. ‘ओडेसाजवळचं गाव’ हे त्याचं नाटक १९४२ साली रंगभूमीवर आलं. आणि १९४४ मध्ये ‘युंगे आडलर’, म्हणजे ‘तरुण गरुड’, हा चित्रपट आला. दिग्दर्शक आल्फ्रेड वाइडेनमान, पटकथेत राइनेकर. विमानाच्या कारखान्यात शिकाऊ म्हणून काम करणाऱ्या मुलांची गोष्ट. साहेबाचा लाडावलेला मुलगा त्यांच्यात येतो आणि शिस्त, मैत्री, श्रम शिकतो. वरवर किती निर्मळ! पण साल १९४४ आहे आणि ती विमानं लढाईची आहेत. पुढच्याच वर्षी याच वयाच्या पोरांच्या हाती बंदुका देऊन त्यांना रणगाड्यांसमोर उभं केलं गेलं.

त्या चित्रपटात हार्डी क्र्यूगर नावाचा एक सोनेरी केसांचा मुलगा होता. पुढे तो ‘हटारी’मध्ये जॉन वेनबरोबर दिसला, आपल्यापैकी काहींनी पाहिला असेल. तेव्हा तो १५-१६ वर्षांचा, हिटलरच्या खास शाळेतला, नेत्यावर मनापासून श्रद्धा असलेला. त्याच काळात स्टुडिओत भेटलेल्या हान्स झ्योन्कर या ज्येष्ठ नटाने आपल्याला छळछावण्यांबद्दल सांगितलं, आपले डोळे उघडले, असं क्र्यूगर आयुष्यभर सांगत राहिला. मला हा तपशील फार महत्त्वाचा वाटतो. ‘त्या वेळी कोणाला काही माहीत नव्हतं’ हे वाक्य मी इथे अनेक वृद्धांच्या तोंडून ऐकलंय. त्याच स्टुडिओच्या आवारात एक मोठा माणूस जीव धोक्यात घालून एका पोराला खरं सांगत होता. आणि दुसरा मोठा माणूस त्याच पोराच्या तोंडी घालायचे संवाद लिहीत होता.

१९४५ नंतर राइनेकर पुन्हा लिहायला लागला. पडदा त्याला दहा वर्षांच्या आत परत मिळाला. पुन्हा वाइडेनमानच्याच जोडीने. १९५४ चा ‘कानारिस’ हा हिटलरच्या लष्करी हेरखात्याच्या प्रमुखावरचा चित्रपट. नाझींनी शेवटी ज्याला फासावर चढवलं, तो सभ्य, आतून विरोधात असलेला अधिकारी. पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. युद्ध हरलेल्या, कोर्टाच्या पिंजऱ्यात उभं राहून थकलेल्या लोकांना असा अधिकारी हवाच होता.

पण त्यानंतरचा १९५५ चा चित्रपट मला कोड्यात टाकतो. ‘मुलं, माता आणि एक जनरल’. युद्धाचे शेवटचे महिने. शाळेतली पोरं देशप्रेमाच्या भरात पळून आघाडीवर गेलीत आणि त्यांच्या आया त्यांना कान धरून परत आणायला तोफांच्या आवाजाच्या दिशेने निघाल्यात. कथा राइनेकरची. निर्माता एरिख पॉमर, ज्याने ‘मेट्रोपोलिस’ आणि ‘ब्लू एंजल’ काढले आणि ज्यू म्हणून १९३३ मध्ये ज्याला देश सोडावा लागला. दिग्दर्शक लास्लो बेनेडेक, हंगेरीतून अमेरिकेला गेलेला. देशाबाहेर घालवलेला माणूस परत येतो आणि घालवणाऱ्यांच्या प्रचारखात्यातल्या लेखकाबरोबर सिनेमा काढतो. या माणसांचं एकमेकांशी काय बोलणं झालं असेल, याचा मी कितीदा विचार केलाय. अकरा वर्षांपूर्वी ज्याने पोरांना विमानांची स्वप्नं दाखवली, तोच आता आयांना पाठवून ती पोरं परत मागवत होता. याला प्रायश्चित्त म्हणायचं की नवी मागणी, नवा पुरवठा? कारण दोनच वर्षांनी त्याने ‘आफ्रिकेचा तारा’ लिहिला. हान्स-योआखिम मार्साय या तरुण लढाऊ वैमानिकाची गोष्ट. म्हणजे पुन्हा विमानं, पुन्हा देखणा शूर मुलगा.

साठीच्या दशकात त्याने एडगर वॉलेसच्या रहस्यकथांवरचे चित्रपट लिहिले, त्यांतले काही आलेक्स बेर्ग या टोपणनावाने. धुकं, लंडन, चाबूक हाती घेतलेले साधू. लोकांना आवडले. १९६३ मध्ये ‘झेडडीएफ’ ही दुसरी राष्ट्रीय वाहिनी सुरू झाली होती आणि तिला दर आठवड्याला गोष्टी हव्या होत्या. आधी तीन-तीन भागांच्या रहस्यमालिका, मग जानेवारी १९६९ पासून ‘डेर कोमिसार’. एरिक ओडेने केलेला वडीलधारा, सिगरेट ओढत शांतपणे ऐकणारा पोलीस अधिकारी. जर्मनीत रंगीत टीव्ही येऊन गेला तरी ही मालिका शेवटपर्यंत कृष्णधवल राहिली. तिच्यातला फ्रिट्झ वेपरचा हॅरी पुढे डेरिककडे गेला आणि गाडी काढू लागला. दिग्दर्शकांच्या यादीत वाइडेनमान होताच.

म्हणजे असं झालं: काल रात्री आपण कुठे होतात, हा प्रश्न युद्धोत्तर जर्मनीत टीव्हीवर सगळ्यात जास्त वेळा ज्याने विचारला असेल, तो स्वतः या प्रश्नाचा पहिला मानकरी होता.

त्याने स्वतःवर लिहिलंच नाही असं नाही. १९९० साली आत्मचरित्र आलं. त्याचं नाव साधारण असं: ‘स्वतःच्या जीवनक्रमाच्या मदतीने एक काळाचा अहवाल’. नावच बघा. अहवाल काळाचा, आपण फक्त मदतनीस.

पण माझी खरी तक्रार पुस्तकाच्या नावाशी नाही. ती त्या ३७८ गोष्टींच्या घडणीशी आहे. डेरिकमध्ये अपराध नेहमी एकाचा असतो. एक खुनी, एक कुटुंब, एक बंगला. तो सापडला, मोडला, गाडीत बसला की उरलेलं शहर स्वच्छ. रहस्यकथेचा साचाच तसा आहे म्हणा, अर्नाळकरांचाही तसाच होता. पण या देशातला मोठा गुन्हा असा नव्हता. तो कचेऱ्यांत झाला, फायलींवर झाला, रेल्वेच्या वेळापत्रकांत झाला, मुलांच्या मासिकांत झाला. तिथे एकट्याने कोणी काही केलेलं नव्हतं, म्हणून प्रत्येकाला ‘मी काय केलं?’ असं म्हणता आलं. राइनेकरने अपराधाबद्दल इतकं लिहिलं, इतकं कळकळीने लिहिलं, पण अपराधाचा हा प्रकार, जो त्याला आतून ठाऊक होता, त्या बंगल्यांत जवळजवळ शिरलाच नाही.

तो बाहेर सगळीकडे होता. जानेवारी १९७९ मध्ये ‘होलोकॉस्ट’ ही अमेरिकन मालिका इथे दाखवली गेली, तेव्हा सुमारे दोन कोटी लोकांनी तिचा काही ना काही भाग पाहिला. त्याच वर्षी खुनाच्या गुन्ह्याला असलेली मुदत संसदेने कायमची काढून टाकली, म्हणजे छावण्यांमधले खुनी वय झालं म्हणून सुटू नयेत. डेरिक तेव्हा पाचव्या वर्षात होता आणि ग्र्युनवाल्डच्या कुठल्यातरी बागेत वारसाहक्काच्या भांडणातला खून शोधत होता.

आमच्या घरमालकीणबाईंच्या कपाटावर गणवेशातल्या एका तरुणाचा फोटो होता. ‘माझा भाऊ. रशियात राहिला,’ एवढंच त्या म्हणत. जर्मनमध्ये युद्धात मेलेल्याबद्दल असं ‘राहिला’ म्हणायची रीत आहे. तो तिथे काय करत होता, कोणाच्या गावात होता, हे त्या वाक्यात येत नाही. मालिका संपली की त्या म्हणत, ‘बघ, शेवटी सापडतोच.’ आणि खिडकीचे पडदे ओढत. बाईंनी मला बाळंतपणात सूप करून दिलं, माझ्या मुलाला चालायला शिकवलं. त्या वाईट नव्हत्या. डेरिक अशाच लोकांसाठी होता. न्यायाची भूक त्यांना होती. आठवड्यातून तासभर ती भागत असे, आणि त्यासाठी कपाटावरच्या फोटोकडे बघावं लागत नसे.

डेरिक झालेला होर्स्ट टापर्ट २००८ मध्ये वारला. पाच वर्षांनी एका समाजशास्त्रज्ञाला वेगळ्याच संशोधनात त्याचं नाव सापडलं. १९४३ मध्ये, विशीत, तो वाफेन-एसएसच्या ‘टोटेनकोप्फ’ रणगाडा रेजिमेंटमध्ये होता. हयातीत त्याने हे सांगितलं नव्हतं. मोठा गदारोळ झाला. झेडडीएफने जुने भाग पुन्हा दाखवणार नाही असं जाहीर केलं.

मला तेव्हा एक गोष्ट विलक्षण वाटली. विशीतला शिपाई असलेल्या नटामुळे मालिका बंद. पण लेखक? त्याची कहाणी दडलेली नव्हती. मासिकं, नाटक, चित्रपट, सगळं छापील, तारखेसकट उपलब्ध. तरीही त्याच्या नावामुळे एवढा गदारोळ कधी झाला नव्हता. राइनेकर २००७ च्या जानेवारीत स्टार्नबर्गच्या तळ्याकाठी, ९२ वर्षांचा होऊन वारला, तेव्हा जर्मन टीव्हीचा एक आधारस्तंभ गेला अशीच हळहळ व्यक्त झाली. आपण चेहऱ्यावर प्रेम करतो आणि चेहऱ्यावरच रागावतो. शब्द कुठून आले ते बघत नाही. प्रचाराचं काम करणाऱ्याला हे पहिल्यापासून माहीत असतं.

मागे पुण्याहून आमचे एक काका आले होते. तळ्यावरून परत येताना गाडीत म्हणाले, ‘या लोकांचं मला कौतुक वाटतं. झालं गेलं गंगेला मिळालं म्हणाले आणि कामाला लागले. म्हणून आज हे दिवस आहेत.’ भारतातून येणारे बरेच पाहुणे असंच म्हणतात, काही तर त्यापुढचंही म्हणतात, ते इथे लिहीत नाही. काकांना मी राइनेकरची ही हकिकत सांगितली. कामाला लागले हे खरंच. तो तर सगळ्यात आधी लागला. पण गंगेला काही मिळालं नव्हतं. ते शुक्रवारी सव्वाआठला दुसऱ्या वेषात परत येत होतं आणि जर्मनांच्या पुढच्या पिढीने ते खणून काढेपर्यंत येत राहिलं. माझा मुलगा इथल्या शाळेत शिकला. नववीत त्यांच्या वर्गाला डाखाऊला नेलं. आल्यावर तो दोन दिवस गप्प होता. या देशाचं कौतुक करायचं तर मी त्या सहलीचं करीन.

आणि हे लिहिताना माझं मन इथेच थांबत नाही. माझ्या आजोळच्या घरात मागच्या दारी, कोनाड्यात एक वेगळी कपबशी असे. ती कोणासाठी, असं मी आईला मोठेपणी विचारलं. आई चांगली बाई, देवभोळी, कोणाला दुखवायची नाही. ती म्हणाली, ‘अगं, त्या वेळी तसंच होतं,’ आणि पाऊस यंदा किती लांबलाय ते सांगू लागली. हिटलरचं राज्य आणि ती कपबशी एका मापाने मोजायची नाही, हे मला कळतं. पण पावसावर जाणारं ते वळण मी ओळखलं. मी ते म्युनिकमध्ये खालच्या मजल्यावर ऐकलेलं होतं.

मग डेरिक बघायचा की नाही? मी बघते. चकत्या घेऊन ठेवल्यात. मला अजूनही त्याचा शांतपणा आवडतो, आणि माणूस मोडतो तो क्षण राइनेकरला फार चांगला लिहिता येतो, यात वाद नाही. कदाचित त्याला तो कुठल्यातरी रात्री आतून ठाऊक झाला असेल. फक्त आता नामावली धावते तेव्हा मी उशी सारखी करत नाही. नाव वाचते. आणि मुलाबरोबर बघत असले तर ‘युंगे आडलर’ आणि ‘मुलं, माता आणि एक जनरल’ याच हाताने लिहिलेत, हे त्याला सांगते.

राइनेकरकडून घ्यायची एक गोष्ट मात्र नक्की आहे, त्याने स्वतः ती कितीही जपून वापरली असली तरी. डेरिक दारात उभा राहून आरोप करत नाही. बेल वाजवतो, कोट न काढता बसतो, ‘आपण’ म्हणतो. उत्तरात पाऊस आला तर पावसावरही दोन वाक्यं बोलतो. मग पुन्हा तोच प्रश्न विचारतो, आवाज न चढवता, आणि उत्तर मिळेपर्यंत खुर्चीवरून उठत नाही.